पाल्यांत व ढेंकळांत चरणारे पक्षी कसे ओळखावे

शेतकऱ्यास पक्ष्यांची ओळख नाहीं, असें म्हणणें धाडसाचें होईल. होला, साळुंकी, पोपट, बगळा, कावळा हे आमच्या बंधूंस लहानपणापासून ठाऊक असतात. आणि ‘पेर्ते व्हा’ असा धोशा लावणाऱ्या पावशाचा आवाज ऐकून ज्याचें मन नांगराकडे वळत नाहीं, असा मनुष्य डोळखांबच्या बाजूस विरळाच. परंतु बांधाच्या कडेस, करवंदीच्या जाळींत किंवा नांगरलेल्या ढेंकळांत जो मातकट रंगाचा लहान पक्षी जमिनीवर फिरत असतो, त्याचें नांव विचारलें असतां दहांपैकीं नऊ जण ‘चिमणी’ एवढेंच उत्तर देतात. आम्हीही कित्येक वर्षें तेंच देत होतों. महसूल खात्यांत कारकुनी करीत असतां सात-बाराच्या उताऱ्यावरील एका अक्षराच्या चुकीनें किती कज्जे उत्पन्न होतात, हें आम्हीं पाहिलें होतें. पण पक्ष्याच्या नांवांतील चुकीनेंही नुकसान होतें, हें कळावयास आमच्याच शेतांत एक प्रकार घडावा लागला. तो प्रथम सांगतों.

२०१६ सालीं भात कापून झाल्यावर एका खाचरांत आम्हीं हरभरा पेरिला होता. रोपें चार-सहा बोटें वर आलीं न आलीं तोंच रोज सकाळीं दहा-वीस रोपें आडवीं पडलेलीं दिसूं लागलीं. त्याच वेळीं ओळींमधून पंधरा-वीस मातकट पांखरें हिंडत असत. मध्येंच थांबून चोंच मातींत खुपसत, आणि आपण जवळ गेलों कीं ‘चिप् चिप्’ करीत थोडें दूर जाऊन पुन्हां बसत. चोर समोर दिसत असतां पंचनाम्याची गरज काय, असें आम्हांस वाटलें. तालुक्याच्या गांवीं एका दुकानीं फोरेट नांवाचें दाणेदार विष मिळालें. (सरकारनें तें २०२० सालच्या अखेरीपासून बंद केलें आहे, त्या वेळीं उघड विकत मिळे.) तें तांदळाच्या कणींत कालवून आम्हीं ओळीओळीनें टाकिलें. दुसरे दिवशीं सकाळीं नऊ पांखरें मरून पडलीं होतीं. त्यांत एक काळा पक्षी होता, त्याच्या शेपटीखालीं तांबूस रंग होता. तो आमच्या गोठ्याच्या कुडावर रोज बसून शेपटी उभारून गात असे.

शेजारच्या पाड्यावरील एक ठाकर गृहस्थ, वयानें आमच्याहून वडील, गुरें घेऊन त्याच वाटेनें चालले होते. ते बांधावर उभे राहिले. “भाऊसाहेब, चोर ऱ्हायला नि राखणदार मारलात तुमी,” एवढेंच ते म्हणाले. मग खालीं बसून त्यांनीं हातांतल्या काठीनें एका पडलेल्या रोपाच्या बुडाशीं माती उकरली. दोन बोटें खोलीवर काळपट, तुळतुळीत, वेटोळें घातलेली अळी निघाली. दुसऱ्या रोपाशीं उकरलें, तेथेंही तीच. रात्रीं वर येऊन रोपें जमिनीबरोबर कापणारी व दिवसा मातींत दडणारी ही अळी आम्हीं पुस्तकांतून वाचली होती. शेतांत मात्र ओळखली नव्हती. घरीं येऊन आम्हीं हातास पिशवी बांधून दोन पांखरें फाडून पाहिलीं. पोटांत अळ्यांचे तुकडे व किड्यांचीं कवचें निघालीं. कणीचा दाणा किंवा हरभऱ्याचें पान नांवालाही नव्हतें. विषानें तळमळून वर आलेल्या अळ्या उचलून तीं मेलीं होतीं.

आतां हें सर्व आधीं कळण्यासारखें होतें काय? होतें. रोपें कात्रीनें कापल्यासारखीं तुटून जागच्या जागीं पडलीं होतीं. दाणे खाणारा पक्षी कोंब उपटतो, डाळ खातो, भोंवतीं माती उधळतो. शिवाय त्या पांखरांची चोंच बारीक व सरळ होती, आणि तीं उड्या मारीत नव्हतीं, चालत होतीं. एवढ्या दोन खुणा पाहण्याइतका धीर असता तर तीं चिमण्या नव्हत हें आमच्या ध्यानांत आलें असतें. ती तिरचिमणी होती. नांवांत चिमणी असली तरी चिमणीच्या कुळाशीं तिचा संबंध नाहीं. ती धोब्याच्या कुळांतली आहे आणि तिचा निर्वाह मुख्यतः किड्यांवर चालतो.

म्हणून आमचें पहिलें सांगणें असें कीं, रंग पाहूं नये. निदान प्रथम पाहूं नये. जमिनीवर चरणाऱ्या बहुतेक पक्ष्यांचा रंग मातीसारखा किंवा वाळल्या पानासारखा असतो, कारण शिकऱ्याच्या नजरेपासून लपावयाचें तर दुसरा उपाय नाहीं. जमिनीची ओळख जशी नुसत्या क्षेत्रफळावरून पटत नाहीं, चतुःसीमा पाहाव्या लागतात, तसेंच येथें आहे. पाय कसे टाकतो, चोंच कशी आहे, माती अगर पाला कसा उकरतो आणि कोणत्या महिन्यांत दिसतो, या चार बाजू जुळल्या कीं नांव बहुधा चुकत नाहीं.

चालीचें पाहूं. चिमणी, मुनिया, दयाळ, सातभाई व नवरंग हे दोन्ही पाय जुळवून टुणटुण उड्या मारतात. तिरचिमणी, चंडोल, धोबी व साळुंकी हीं माणसाप्रमाणें एकामागून एक पाऊल टाकतात. बांधावर बसून पांच मिनिटें पाहिलें तरी हा भेद दिसतो. त्यास दुर्बीण लागत नाहीं. चोंचीचें तर त्याहून सोपें आहे. आखूड, जाड, शंकूसारखी चोंच दाणा फोडण्याची. बारीक व लांबट चोंच किडा टिपण्याची. चंडोल मधला आहे. त्याची चोंच तिरचिमणीहून जाड असते आणि तो बी व किडा दोन्ही खातो. डोक्यावर टोंकदार शेंडी दिसली कीं तो शेंडीचा चंडोल समजावा. त्याच्याच जातीचा डोंबारी हा ठेंगणा पक्षी माळावर पुष्कळ असतो. नराचें पोट काळें व टाळू राखी. विणीच्या दिवसांत तो सरळ वर चढतो, पंख मिटून दगडासारखा खालीं येतो, जमिनीपाशीं येतां येतां सांवरतो व पुन्हां वर जातो. हा खेळ पाहून ज्या कोणीं त्यास डोंबारी हें नांव ठेविलें, त्याची नजर आमच्याहून खचित चांगली होती. मादी मात्र साधी मातकट असते, आणि घोटाळा होतो तो मादीपाशींच. नर शेजारीं आहे काय, हें पाहावें, म्हणजे मादीचें नांव आपोआप लागतें. आमच्या गोठ्यावरचा तो काळा पक्षी चीरक होता. त्याची मादीही तपकिरी असते.

आतां रानाकडे वळूं, कारण खरी मौज तेथें आहे. डोळखांबपासून आजोबाच्या डोंगराकडे जातांना, किंवा मुरबाड तालुक्यांत माळशेजच्या पायथ्याशीं, साग, ऐन, बोंडारा व पळस यांचा पाला फाल्गुनांत घोट्याइतका सांचतो. त्यांत कोणी चालूं लागलें म्हणजे डुक्कर आलें कीं काय, अशी भीति वाटावी इतका आवाज होतो. आणि श्वास रोखून पाहावें तर करवंदीखालून चिमणीएवढें पांखरूं बाहेर येतें. हा आवाज करणाऱ्यांचीं मुख्य नांवें आमच्या रानांत चार-पांचच आहेत.

अमेरिकेंत टोव्ही नांवाचा पक्षी अशाच पाल्यांत राहतो. तो दोन्ही पायांनीं एकदम पुढें उडी घेऊन लागलीच मागें खरवडतो, व त्या झटक्यानें पाला मागें उडवितो. त्याचें नांव त्याच्याच आवाजावरून पडलें आहे. पूर्वी शास्त्रज्ञ त्यास आपल्या भारीट पक्ष्यांच्या कुळांत घालीत. हल्लीं अमेरिकेंतील त्या जातींचें कुळ निराळें मानितात. आपल्याकडे पायांनीं उकरण्याचें काम कोंबडी व तिच्या जातीचे पक्षी करितात, तेंही एकेका पायानें. आमच्या रानांतले गाते पक्षी पाला चोंचीनें उचलून बाजूस फेंकतात. म्हणून सलग, दणदणीत खरवड ऐकूं आली तर कोंबडीच्या जातीचा पक्षी समजावा. एक पान उलटल्याचा आवाज, मग शांतता, मग दुसरें पान, असा क्रम असला तर कस्तूर, नवरंग किंवा सातभाई यांपैकीं कोणी आहे.

नारंगी डोक्याचा कस्तूर साळुंकीहून थोडा लहान. डोकें व पोट पिकल्या संत्र्यासारखें, पाठ निळसर राखी, खांद्यावर पांढरा ठिपका. आणि आपल्याकडील जातीचा गळा व गाल पांढरे असून त्यांवर दोन काळपट उभे पट्टे असतात. एवढा रंगीत असूनही तो चटकन दिसत नाहीं, कारण पान उलटल्यावर तो कांहीं वेळ निश्चल उभा राहतो. पावसाळ्यांत सकाळीं गातो, आणि दुसऱ्या पक्ष्यांच्या नकलाही करतो. तेव्हां केवळ आवाजावर विसंबूं नये. ओढ्याच्या कांठीं, धबधब्याजवळ काळानिळा, कपाळावर व खांद्यावर चमकदार निळाई असलेला मोठा कस्तूर दिसला तर तो शीळ घालणारा कस्तूर. पावसांत पहांटे त्याची शीळ ऐकून घांटाखालचा मनुष्य प्रथमच आला असेल तर त्यास वाटतें, कोणी गुराखी मुलगा शीळ वाजवीत चालला आहे.

नवरंग हा मात्र पाहुणा. हिंवाळ्यांत तो दक्षिण हिंदुस्थान व श्रीलंका या बाजूस असतो, आणि मेच्या उत्तरार्धापासून मृगाच्या सुमारास आपल्याकडे विणीसाठीं येतो. शेपटी इतकी आखूड कीं कापली असावी असें वाटतें. पाठ हिरवी, पंखांवर निळा डाग, डोळ्यांवरून काळा पट्टा, शेपटीखालीं कुंकवासारखा लाल. पहांटे व तिन्हीसांजेला मान मागें टाकून दोन सुरांची खणखणीत शीळ घालतो. ती वेळ इतकी ठरलेली असते कीं तमिळ लोक त्यास ‘आरुमणि कुरुवि’, म्हणजे सहा वाजतांचा पक्षी, असें म्हणतात. शास्त्रज्ञ यास गात्या पक्ष्यांच्या गटांत धरीत नाहींत, कारण त्याच्या कंठाची रचना निराळी आहे. त्याची शीळ ऐकणाऱ्यास हा भेद फारसा अडवीत नाहीं! प्रवासानें थकून तो कधीं घराच्या पडवींत किंवा शहरांतल्या गॅलरींतही येऊन पडतो. अशा वेळीं त्यास भोंकें पाडलेल्या खोक्यांत, अंधारांत, शांत ठेवावें. तरतरी आली कीं झाडीजवळ सोडावें. पिंजऱ्यांत घालूं नये. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्यानें तो गुन्हा आहे.

ज्यास आम्ही सर्वांत उशिरां ओळखलें, तो ठिपकेवाला सातभाई. नांवानें सातभाई असला तरी थव्यानें कलकल करीत फिरत नाहीं. जोडीनें किंवा दोनचार मिळून मुकाट्यानें पाल्यांतून पायीं चालतो. टाळू तांबूस, भुंवई फिकट, गळा शुभ्र, छातीवर तपकिरी रेघोट्या. गातांना तो पांढरा गळा फुगतो, व खुणेचें हें एक उत्तम साधन आहे. घरटें जमिनीवरच, वाळल्या पानांचें, बाजूनें दार असलेलें. पाय पडेपर्यंत कळत नाहीं. शहापूर-मुरबाडच्या रानांत हा पक्षी आहे, पण ज्या रानाचा पाला दरसाल जळतो तेथें त्यास घर करावयास जागाच उरत नाहीं.

नेहमींच्या सातभाईंविषयीं अधिक लिहिण्याची आवश्यकता नसावी. वाटणीचा दावा लागलेल्या भाऊबंदांप्रमाणें त्यांचा गलका दिवसभर चालू असतो. परंतु त्यांच्या भांडणास फसूं नये, कारण पिलें वाढविण्याचें काम ते सर्व मिळून करितात. आमच्या वाचकांपैकीं पुष्कळांस ठाऊक नसेल अशी गोष्ट एकच सांगतों. पावशा स्वतः घरटें बांधीत नाहीं. तो आपलें अंडें सातभाईच्या घरट्यांत घालतो. चातकही तसेंच करितो. म्हणजे ज्याच्या हाकेवर आपण पेरणीचा मुहूर्त धरतों, तो पावशा सातभाईनें बांधाच्या कडेच्या पाल्यांतून वेंचून आणलेल्या किड्यांवर पोसला जातो. सातभाई निघून गेले तर ‘पेर्ते व्हा’ कोण म्हणणार?

दाणे खाणाऱ्यांची बाजूही लपवून चालणार नाहीं. भात दुधांत आलें कीं मुनिया, चिमण्या व सुगरण यांचे थवे लोंब्यांवर उतरतात, आणि त्यांची राखण करावीच लागते. घांटावर हिंवाळी ज्वारींत काळ्या डोक्याचे भारीट शेंकड्यांनीं येतात. ते पश्चिम आशिया व आग्नेय युरोपांतून येणारे पाहुणे असून मार्चएप्रिलांत परत जातात. त्यांचें पोट पिवळें व चोंच जाड असते. परंतु एक भेद लक्ष्यांत ठेवावा: नुकसान करणारा पक्षी बहुधा कणसावर किंवा लोंबीवर बसलेला असतो, जमिनीवर चालणारा, पिकाच्या बुंध्याशीं चोंच घालणारा पक्षी बहुधा आपलें काम करीत असतो. भातावरील लष्करी अळीही दिवसा चुडाच्या बुडाशीं व जमिनीच्या भेगांत दडते, आणि तेथें ती हुडकणारे हेच पक्षी. स्वतः सुगरण व चिमणी हीं सुद्धां पिलांस किडेच भरवितात, हें राखण करितांना आठवावें. गोफणीनें उडवावें, डबा वाजवावा. विष घालूं नये.

ओळखण्यास वेळ कोणती, असें कोणी विचारील तर सूर्योदयानंतरचा पहिला तास. चालत फिरूं नये. सागाच्या बुंध्याशीं पाठ लावून बसावें व पानांच्या आवाजाकडे कान द्यावा. मारुती चितमपल्ली यांचा ‘पक्षिकोश’ जवळ असल्यास मराठी नांवांची अडचण राहत नाहीं. हल्लीं मोबाइल फोनवर आवाज ऐकून नांव सुचविणारी ‘मर्लिन’ ही सोय मिळते. ती अमेरिकेंतील कॉर्नेल विद्यापीठाच्या पक्षिविज्ञान प्रयोगशाळेनें केली आहे. आमच्या नातवानें ती आम्हांस शिकविली. तिचें म्हणणें साक्षीदाराच्या जबानीइतकेंच मानावें. डोळ्यांनीं पाहिल्याखेरीज निकाल देऊं नये. आणि फोनवर पक्ष्याचा आवाज वाजवून त्यास बोलावण्याचा खेळ तरुण मंडळी करितात, तो विणीच्या दिवसांत तरी करूं नये. बिचारा घरटें सोडून शत्रूच्या शोधांत हिंडत राहतो.

लहान मुलाच्या हातीं गलोल असली म्हणजे तो वायां गेला, असें आम्ही म्हणणार नाहीं. १९०८ सालीं मुंबईस सालिम अली नांवाच्या मुलानें छऱ्याच्या बंदुकीनें एक चिमणी पाडली. तिच्या गळ्यावर पिवळा डाग दिसला, म्हणून मामांनीं त्यास बॉम्बे नॅचरल हिस्ट्री सोसायटीच्या कचेरींत पाठविलें. ही संस्था १८८३ त स्थापन झालेली. तेथील मिलार्ड साहेबांनीं ती पिवळ्या गळ्याची रानचिमणी आहे असें सांगून पेंढा भरलेल्या पक्ष्यांचे खण त्या मुलास उघडून दाखविले. पुढें तोच मुलगा या देशांतील पक्ष्यांचा सर्वांत मोठा जाणकार झाला. ती रानचिमणी आमच्या मोहाच्या झाडांवर फुलांच्या दिवसांत भरपूर असते. दाणे टिपावयास खालीं उतरते तेव्हां साध्या चिमणीशीं पडताळून पाहावी. मुलास गलोल टाकावयास सांगून नुसतें चालत नाहीं. तिच्या जागीं पाहण्यासारखें कांहीं द्यावें लागतें.

आमच्या खाचराच्या वरच्या अंगास दोन गुंठ्यांची करवंदी-कुड्याची जाळी आहे. पूर्वी तिच्यातला पाला झाडून आम्ही राबावर नेत असूं, व उरलेला चैत्रांत बांध जाळतांना जळे. २०१७ पासून आम्हीं ती तशीच ठेविली आहे. राबास पाला कमी पडतो, हें खरें. ती तूट आम्ही शेण व भाताचा तूस यांनीं भागवितों. हरभऱ्यांत अळी दिसली तर संध्याकाळीं ओळींमधून ओल्या गवताचे लहान लहान ढीग घालतों. पहांटेपर्यंत अळ्या त्यांखालीं जमतात, त्या सकाळीं गोळा करून मारितों. ढीग उचलला कीं तिरचिमण्या व चीरक दहा हातांवर येऊन थांबतात, आणि आमच्या नजरेंतून सुटलेलें तें उचलतात. जाळींत तिसऱ्या पावसाळ्यांत ठिपकेवाल्या सातभाईची जोडी आली. वणव्याविषयीं गांवसभेंत बोलणें झालें, पण अद्याप एकमत नाहीं. गवत जाळल्यानें पुढलें गवत चांगलें येतें असें म्हणणारे पुष्कळ आहेत, आणि त्यांच्या गुरांस गवत लागतेंच.

एका पक्ष्याविषयीं वाचकांचें साह्य हवें आहे. काळा कुळकुळीत, पंख व शेपटी विटकरी तांबडी आणि डोक्यावर उभी टोंकदार शेंडी, असा युवराज नांवाचा भारीट गवताळ व खडकाळ डोंगरउतारावर असतो. मादी तपकिरी, पण तिलाही आखूड शेंडी असते. तानसाच्या रानांत वनपिंगळ्यासारखा दुर्मिळ पक्षी २०१४ सालीं नव्यानें आढळला. तेव्हां आपल्या उतारांवर काय काय आहे याची पाहणी पुरी झाली असें समजूं नये. डेहणें, साकुर्ली, टोंकावडें या बाजूस ज्या कोणास युवराज दिसेल, त्यानें गांवाचें नांव, तारीख, नर कीं मादी, आणि तो त्या वेळीं जमिनीवर काय करीत होता, एवढें एका कार्डावर लिहून या मासिकाकडे पाठवावें. त्याच कार्डावर नवरंगाची पहिली शीळ यंदा कोणत्या दिवशीं ऐकूं आली, तेंही लिहिल्यास आम्ही आभारी होऊं.